पहिलं बोट कुणाकडं?

चेटकीण म्हणून एखाद्या बाईला गावानं ठेचून मारलं की दुसऱ्या दिवशीच्या पेपरात एक वाक्य ठरलेलं असतं : अज्ञानाचा बळी. वाचणारा चहा पिता पिता हळहळतो आणि पान उलटतो. अज्ञान त्याच्या घरात नसतं ना! ते कुठंतरी डोंगरात, पाड्यावर, वस्तीत असतं.

दोस्तहो, हे वाक्य अर्धंच खरं आहे. भीती अडाण्याला असते तशी शिकलेल्यालाही असते. पण भीतीचा फास वळायला आणखी तीन गोष्टी लागतात. एक पोथी, दुसरं कोर्ट किंवा पंच, तिसरा कुणाच्यातरी जमिनीवर डोळा. या तिन्ही गोष्टी अडाणी, फाटक्या माणसाच्या हातात कधी होत्या? मी इतिहासाचा पदवीवाला नाही. पाळी सुटल्यावर वाचलं, कळलं तेवढं मांडतोय. पटलं नाही तर भांडा.

आधी पोथीचं बघू.

युरोपात जादूटोण्याची भीती फार जुनी. गाय आटली, पीक गेलं, पोर दगावलं की संशय शेजारणीवर. आपल्याकडं करणी म्हणतात, त्यातलाच प्रकार. पण हजारेक वर्षांपूर्वी ख्रिस्ती चर्चचा नियम उलटा होता. बायका रात्री हवेतून उडत जातात असं मानणं हाच भ्रम, असं धर्मगुरू तेव्हा सांगत. पंधराव्या शतकात वारं फिरलं. 1486 च्या सुमारास हेन्रिक क्रॅमर नावाच्या जर्मन धर्मगुरूनं लॅटिनमध्ये एक ग्रंथ छापला. नावाचा अर्थ ‘चेटकिणींवरचा हातोडा’. बाई जातीचीच श्रद्धेला कच्ची आणि वासनेची भुकेली, म्हणून सैतान तिला आधी वश करतो, हा त्यातला सिद्धांत. पुढं चौकशी कशी करायची, छळून कबुली कशी काढायची याचे धडे. छापखाना तेव्हा नवाच आलेला. पोथी देशोदेशी गेली. वाचली कुणी? पाद्रयांनी, वकिलांनी, न्यायाधीशांनी. शेतात राबणाऱ्याला लॅटिन कुठं येत होतं?

सुमारे 1450 ते 1750 या तीनशे वर्षांत युरोपात 40 ते 60 हजार माणसं चेटकाच्या आरोपाखाली मारली गेली असा आजच्या इतिहासकारांचा अंदाज आहे. चारांतल्या तीन बायका. यातल्या बहुतेकींना जमावानं नाही मारलं. खटला चालवून, निकाल लिहून, शिक्का मारून मारलं.

बाईच्या जन्मातच खोट आहे, हा सिद्धांत आपल्या ओळखीचा आहे. आपल्याकडच्या स्मृतींनीही बाईची आणि शूद्राची लायकी जन्मानंच ठरवून टाकली. तिकडं लॅटिन, इकडं संस्कृत. ज्यांच्याविरुद्ध लिहिलं त्यांना वाचता येऊ नये, ही सोय दोन्हीकडं सारखीच.

आता कोर्टाकडं येऊ. त्यासाठी अमेरिकेतलं सेलम गाव बघू. कारण तिथले कागद शिल्लक आहेत आणि कागद बोलतात.

साल 1692. मॅसॅच्युसेट्स तेव्हा इंग्रजांची वसाहत. सेलम गावचा पाद्री सॅम्युएल पॅरिस. त्याची नऊ वर्षांची पोरगी आणि अकरा वर्षांची भाची अचानक किंचाळायला लागल्या, अंग वाकडंतिकडं करायला लागल्या. वैद्यानं हात टेकले आणि सांगितलं, ही बाहेरची बाधा. पोरींना लोक विचारू लागले, कोण छळतंय? नावं सांगा.

पहिली तीन नावं निघाली. नीट बघा कुणाची ते.

पहिली टिट्युबा. पाद्रयाच्याच घरातली गुलाम बाई. कोर्टाच्या कागदात तिला ‘इंडियन’ म्हटलंय, म्हणजे तिकडची मूळनिवासी. दुसरी सारा गुड. घर गेलेलं, कर्ज झालेलं, दारोदार मागून खाणारी. कुणी हाकललं की पुटपुटत जायची. त्या पुटपुटण्याचाच पुढं शाप झाला. तिसरी सारा ऑस्बर्न. नवरा मेल्यावर तिनं घरच्या गड्याशी लग्न केलं होतं आणि मेलेल्या नवऱ्याच्या जमिनीवरून तिचा झगडा चालू होता. त्या जमिनीच्या कारभारात गावातलं बडं पटनम घराणं होतं. आणि या तिघींविरुद्धच्या पहिल्या तक्रारीवर ज्या चौघांच्या सह्या आहेत, त्यांतले दोघं पटनम.

गुलाम, भिकारीण आणि जमिनीच्या वादातली बाई. सैतानाला गावात दुसरं कुणी सापडलंच नाही!

आमच्या खात्यात माल खराब निघाला की पहिलं नाव बदलीवाल्याचं निघतं. साचा जुना आहे, सूत कच्चं आहे, हवेत दमटपणा कमी आहे, हे नंतर. आधी बदलीवाला. कारण त्याच्या बाजूनं बोलायला कुणी नसतं. बोट नेहमी उताराकडंच घरंगळतं.

टिट्युबानं कबूल केलं. मालकानं मारून वदवून घेतलं असं तिनं पुढं सांगितल्याची नोंद आहे. तिच्या कबुलीनं गावाला ऊत आला. सेलममध्ये कायदाच असा उलटा झाला की, जी ‘होय, मी चेटकीण’ म्हणेल ती जगायची, आणि ‘मी निर्दोष’ म्हणेल ती फासावर जायची. पुरावा काय? छळणाऱ्या बाईची छाया मला दिसते, असं पोरींनी सांगायचं. छाया दुसऱ्या कुणाला दिसायची नाही. असल्या पुराव्यावर खास कोर्ट बसलं. मुख्य न्यायाधीश विल्यम स्टॉटन हार्वर्ड कॉलेजात शिकलेला. बाकीचेही व्यापारी, जमीनदार, मातब्बर. सांगा आता, अज्ञान कुणाचं?

71 वर्षांची रिबेका नर्स. पंचांनी तिला आधी निर्दोष ठरवलं होतं. पोरी किंचाळल्या. न्यायाधीशांनी पंचांना फेरविचार करायला सांगितलं. दुसऱ्या वेळी दोषी. 19 जुलैला तिला फाशी झाली. त्याच दिवशी सारा गुडही गेली. सारा गुडचं तान्हं तुरुंगातच मेलं होतं. तिची चार-पाच वर्षांची पोरगीही चेटकीण ठरून साखळदंडात सात-आठ महिने होती. पुढं बापानं सरकारकडं अर्ज केला, त्यात लिहिलंय की त्या भीतीनं पोरीची बुद्धी कायमची गेली. सारा ऑस्बर्न तर खटल्याआधीच कोठडीत मेली.

एकूण 19 जणांना फाशी झाली. 14 बायका, 5 पुरुष. जाईल्स कोरी नावाच्या ऐंशीच्या घरातल्या म्हाताऱ्यानं कोर्टापुढं गुन्हा कबूल-नाकबूल काहीच सांगायला नकार दिला. त्याला दगडांखाली चिरडून मारलं. तुरुंगात निदान पाच जण मेले. दीडशेच्या वर माणसं आरोपी.

रिबेकाची बहीण मेरी ईस्टी. तिलाही फाशी सुनावली. तिनं कोर्टाला अर्ज लिहिला. त्यात स्वतःचा जीव मागितला नाही. मी मरणार हे मला कळतं, पण आणखी निर्दोष रक्त सांडू नका, तुम्ही चुकीच्या वाटेवर आहात, असं बजावलं. 22 सप्टेंबरला तिला टांगलं. मला विचाराल तर त्या अख्ख्या कोर्टात शहाणं माणूस ते एकच होतं, आणि ते आरोपीच्या जागी उभं होतं.

मग हे थांबलं कधी? बोट वर सरकायला लागलं तेव्हा. नामांकित घरांची नावं यायला लागली. गव्हर्नर फिप्सच्या बायकोचंही नाव कुजबुजलं गेलं. ऑक्टोबरात गव्हर्नरनं ते कोर्ट बरखास्त केलं. छायेचा पुरावा खोटा, हे तेव्हा एकाएकी कळलं. खालच्यांची प्रेतं मोजून कळलं नव्हतं.

सुटलेल्यांनाही तुरुंगातल्या खाण्याचे, बेड्यांचे पैसे भरल्याशिवाय सोडलं नाही. टिट्युबाचा मालक तिचे पैसे भरेना. वर्षभराहून जास्त ती कोठडीत राहिली. शेवटी कुणीतरी ती रक्कम भरून तिला विकत नेलं. म्हणजे सुटका झाली तीही विक्री होऊन. 1711 साली सरकारनं घरच्यांना मिळून 578 पौंड भरपाई दिली. टिट्युबाला छदाम नाही. शेवटचं नाव एलिझाबेथ जॉन्सनचं. तिला फाशी झाली नाही, पण दोषी हा शिक्का राहिला. वंशज नव्हते, म्हणून तिच्यासाठी भांडायला कुणी नव्हतं. शाळेतल्या आठवीच्या पोरांनी बाईंच्या मदतीनं कागद जमवले, पाठपुरावा केला, आणि 2022 साली तिचं नाव स्वच्छ झालं. 329 वर्षांनी.

आता म्हणाल, हे सातासमुद्रापलीकडचं. तर घरी येऊ.

राजस्थानात मेवाड संस्थानात 1853 साली डाकणप्रथेवर बंदी घालावी लागली. सातपुड्यात आजही ‘डाकीण’ हा शब्द बाईचा जीव घेऊ शकतो. झारखंडात 1995 साली छुटनी महतो या बाईला शेजारची पोरगी आजारी पडली म्हणून डायन ठरवलं, छळलं, गावाबाहेर काढलं. ती रडत बसली नाही. तिच्यासारख्याच बायकांना आसरा देत, त्यांच्यासाठी लढत राहिली. 2021 साली तिला पद्मश्री मिळाली.

आणि जमीन? तिथल्या संथाल आणि हो समाजांच्या रूढीत विधवेला नवऱ्याच्या जमिनीवर हयातीपुरता हक्क असतो. ती गेली की जमीन दिराभावांची. म्हणजे ती जगतेय तोवर कुणाचीतरी वाट अडलेली. मग घरात ताप आला की ओझा बोलवायचा. ओझा काय, आपला भगत काय, देवऋषी काय, नाव तोच काढतो, आणि पुष्कळदा जे नाव ऐकायचंय तेच काढतो. क्रॅमरच्या पोथीचं काम इथं त्याचं तोंड करतं. सारा ऑस्बर्न इथंही आहे, फक्त लुगड्यात.

डॉक्टर वीस मैलांवर, दवाखान्यात औषध नाही. पोर मेलं की कुणाला तरी जबाबदार धरायचंच असतं. सरकारला धरता येत नाही. म्हातारीला धरता येतं.

कायदे झाले. बिहारनं 1999 साली केला, झारखंडनं 2001 साली तोच घेतला. महाराष्ट्रात विधेयक वर्षानुवर्षं लोंबकळत राहिलं. त्यासाठी झटणाऱ्या नरेंद्र दाभोलकरांना 20 ऑगस्ट 2013 ला पुण्यात गोळ्या घातल्या, मग त्याच महिन्यात वटहुकूम निघाला आणि डिसेंबरात कायदा झाला. सहा महिने ते सात वर्षं शिक्षा आहे. आपल्या राज्यात कायद्यालाही आधी बळी लागला. आणि 2022 या एका वर्षात देशात 85 खून जादूटोण्याच्या कारणानं झाल्याची सरकारचीच नोंद आहे.

शिक्षण पाहिजे, विज्ञान पाहिजे, कोण नाही म्हणतं? पण नुसतं शिकून भागत नाही, हे हार्वर्डवाल्यांनी सेलमात दाखवून दिलं. गावकुसाबाहेरच्यांना तर ते कुणी सांगायची गरज नाही. आपल्या सावलीचा विटाळ मानणारे सगळेच निरक्षर नव्हते. सेलममध्ये छायेवर फाशी दिली, इकडं सावलीवर अख्खी जात बाहेर बसवली.

म्हणून पुढच्या वेळी पेपरात ‘अज्ञानाचा बळी’ वाचाल तेव्हा पान उलटू नका. विचारा : तिच्या नावावर जमीन किती होती? पहिलं नाव कुणी घेतलं? पंचात कोण कोण बसलं होतं? आणि ती गेल्यावर तिच्या घराचं कुलूप कुणाच्या हातात गेलं?