एक नाव, अनेक गळे

माणसे बदलली तरी संच तोच राहतो काय? इंग्लंडमधील बर्मिंगहॅम या कारखान्यांच्या शहरात १९६८ साली चार तरुणांनी स्थापिलेल्या ‘ब्लॅक सॅबथ’ या हेवी मेटल संचाचा इतिहास हाच प्रश्न विचारतो. १९७९ साली गायक ऑझी ऑस्बॉर्न यांना दूर करण्यात आले. रॉनी जेम्स डिओ आले, त्यांच्यामागून इयन गिलन. वादकही पालटले. कारखान्यातील अपघातात दोन बोटांची टोके गमावलेले गिटारवादक टोनी आयोमी तेवढे अखेरपर्यंत राहिले. २०१७ च्या निरोपाच्या कार्यक्रमातही मूळचे ड्रमवादक बिल वॉर्ड नव्हते. ती उणीव ५ जुलै २०२५ रोजी भरून निघाली. मूळचे चौघे बर्मिंगहॅमलाच पुन्हा एकत्र आले. त्यानंतर १७ दिवसांनी ऑस्बॉर्न निवर्तले. नाव एकाने राखिले. परंतु निरोप पुरा होण्यास चौघेच लागले.