टिळकांची नगरची भाषणे, १९१६
लोकमान्य टिळकांनी ३१ मे आणि १ जून १९१६ रोजी अहमदनगरला (आता अहिल्यानगर) स्वराज्यावर मराठीतून दोन भाषणे केली. त्यांची होमरूल लीग एप्रिलअखेर बेळगावात स्थापन झाली होती. यांतील पहिले भाषण आजही मुळातून वाचावे असे आहे. परकेपणा धर्मात वा कातडीच्या रंगात नसून हितसंबंधांत असतो, असे टिळकांनी तेथे मांडले. निजामशाहीच्या या राजधानीत त्यांनी मुसलमान राजांचाच दाखला दिला: ते येथे आले, येथेच राहिले, म्हणून परके नव्हेत. इंग्रजसुद्धा या देशाचे हित पाहील तर परका नाही. टिळकांना केवळ धर्माभिमानी ठरवणाऱ्यांनी हा भाग सहसा वगळला आहे.

बेळगावचे १ मेचे भाषण आणि ही दोन, यांवरून सरकारने त्यांना राजद्रोहाबद्दल नोटीस काढली. ती साठाव्या वाढदिवशी, २३ जुलैला हाती पडली. पुण्याच्या मॅजिस्ट्रेटने २० हजारांचा जातमुचलका व प्रत्येकी १० हजारांचे दोन जामीन मागितले. टिळकांचे वकील बॅरिस्टर जिना होते. भाषणे सुटी वाक्ये काढून नव्हे, तर समग्र वाचली पाहिजेत, असे सांगत मुंबई हायकोर्टाने ९ नोव्हेंबर १९१६ रोजी तो हुकूम रद्द केला.