फौजदारी प्रकरणाची समाप्ती आणि फिर्यादीचा म्हणणे मांडण्याचा हक्क

गुन्हा हा राज्याविरुद्धचा अपराध मानला जात असल्याने तपास पोलिसांकडे व खटला सरकारकडे राहिला. फिर्यादीचे स्थान माहिती देणाऱ्यापुरते उरले. फौजदारी प्रक्रिया संहिता, १९७३ च्या कलम १७३ (२) नुसार तपासाअंती केलेली कार्यवाही फिर्यादीस कळविणे पोलिसांवर बंधनकारक होते. मात्र प्रकरण बंद करण्यापूर्वी त्याचे ऐकून घेण्याची स्पष्ट तरतूद नव्हती.

ही उणीव सर्वोच्च न्यायालयाने ‘भगवंत सिंग विरुद्ध पोलीस आयुक्त’ (१९८५) या निकालाने भरून काढली. प्रकरण बंद करण्याचा पोलीस अहवाल स्वीकारण्याकडे दंडाधिकाऱ्याचा कल असेल, तर फिर्यादीस नोटीस देऊन त्याचे म्हणणे ऐकलेच पाहिजे, असे न्यायालयाने ठरविले. जखमी व्यक्ती व मृताचे नातेवाईक यांना मात्र नोटिशीचा हक्क मिळाला नाही. ते स्वतः हजर झाल्यास त्यांचे ऐकावे, एवढेच मान्य झाले.

महाराष्ट्रात या हक्काचे मोल अधिक आहे. ‘ब’ समरी मंजूर होणे म्हणजे फिर्याद जाणूनबुजून खोटी ठरणे. त्यातून फिर्यादीवरच कारवाई ओढवू शकते.

१ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३६० ने खटला मागे घेण्यापूर्वी पीडितास ऐकणे अनिवार्य केले. तपासाच्या टप्प्यावरील समाप्तीबाबत मात्र फिर्यादीचा आधार १९८५ चा निकालच आहे. म्हणून हा हक्क संहितेत स्पष्ट शब्दांत येणे आवश्यक ठरते.