ललिता पवारांचा डावा डोळा



1987 साली रविवारी सकाळी दूरदर्शनवर ‘रामायण’ लागायचं, तेव्हा आमच्या गल्लीत एकच टीव्ही होता. मंथरा दिसली की ओसरीवरच्या बाया कडाकडा बोटं मोडायच्या. आमच्या गटातल्या एका मावशीचा डोळा तिरपा आहे. तेव्हापासून पोरं तिला पाहून ओरडायची, “हे पाय, मंथरा आली!” आम्हीही हसलो, खोटं कशाला सांगा.

ती मंथरा म्हणजे ललिता पवार. मूळ नाव अंबू. जन्म 1916 चा, पैठणीच्या येवल्यातला. मूकपटांच्या काळात, अगदी लहान वयातच त्या पडद्यावर आल्या. चित्रपट बोलू लागले तशा नायिका झाल्या, गाणीही स्वतःच गायल्या. 1938 मध्ये ‘दुनिया क्या है’ हा चित्रपट त्यांनी निर्माती म्हणून काढला. त्या काळी बाईनं त्यासाठी पैसा उभा करायचा म्हणजे काय, हे कर्जासाठी खेटे घातलेल्या आपल्याला कळतं.

मग आलं 1942. एका प्रसंगात भगवानदादांनी त्यांना थप्पड मारायची होती. हात जोरात बसला. चेहऱ्याला लकवा झाला, उपचार बराच काळ चालले, आणि डावा डोळा कायमचा बारीक झाला. वय 26. नायिकेची कामं संपली.

बाईंनी त्याच डोळ्यानिशी पुढची कामं केली. ‘रामशास्त्री’तली (1944) आनंदीबाई, ‘दहेज’मधली (1950) सुनेला छळणारी सासू. पुढे गावोगाव खाष्ट सासूचं नावच ‘ललिता पवार’ पडलं. आम्हाला मात्र ‘श्री 420’मधली (1955) केळेवाली गंगामाई जास्त आवडते. आणि ‘अनाडी’तली (1959) मिसेस डिसा! तोंडानं करडी, पण भाडेकरू पोरावर जीव टाकणारी. त्या कामासाठी त्यांना फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. मंथरेच्या वेळी त्या सत्तरीत होत्या. 1998 मध्ये पुण्यात गेल्या.

हे सगळं गटाच्या बैठकीत वाचून दाखवलं. मावशी बराच वेळ गप्प होती. मग जे बोलली ते तिला विचारूनच इथं सांगतो. “म्हणजे तिलेही लागलंच होतं. माह्या डोळ्याले भावाचा गोटा लागला होता, खेळता खेळता.”

इतक्या वर्षांत आम्ही कोणी तिला विचारलंच नव्हतं.

थोड्या वेळानं तीच म्हणाली, “तो ‘अनाडी’ मोबाइलवर दिसते काय?”