रद्दीतली अक्षरं

गडचांदुरात मला आडनावानं कुणी ओळखत नाही. ‘पेंटर’ म्हटलं की झालं. बायकोलाही बाजारात ‘पेंटरीणबाई’ म्हणतात. आधी याचं थोडं वाईट वाटायचं. मग कधीतरी कळलं, की कोल्हापूरच्या बाबुराव मेस्त्रींचंही असंच झालं होतं. संगीत नाटकांचे पडदे रंगवता रंगवता त्यांचं मेस्त्री हे आडनाव मागं पडलं आणि जग त्यांना बाबुराव पेंटर म्हणू लागलं. पुढं त्यांनी सिनेमे काढले. त्यांच्या 1924 च्या ‘कल्याण खजिना’चं पोस्टर हे आपल्या देशात शिल्लक राहिलेलं सर्वांत जुनं सिनेमा-पोस्टर मानतात. हे वाचल्यापासून मी आडनावाचा नाद सोडला.

माझी शाळा म्हणजे ट्रकची मागची फळी. आमचं गाव माणिकगडाच्या डोंगराखालचं. हा सगळा राजुऱ्याचा भाग 1948 पर्यंत निजामाच्या राज्यात होता, त्यामुळं जुन्या माणसांच्या बोलण्यात उर्दू-तेलुगू शब्द सहज येतात. माझ्या गुरूंनाही गाव ‘उस्ताद’च म्हणायचं. ऐंशीच्या दशकात इकडं सिमेंटचे कारखाने उभे राहिले, रस्त्यावर ट्रकांच्या रांगा लागल्या आणि उस्तादांच्या टपरीला काम पुरेना. नंबर, मालकाच्या पोराचं नाव, एखादा शेर, दोन मोर. उस्ताद एकच गोष्ट सांगायचे, “अक्षर पहिले दुरून दिसलं पाहिजे. मंग सुंदर दिसलं पाहिजे.”

कारखान्यांच्या कॉलनीत मुंबई-पुण्याकडचे साहेब लोक राहायला आले होते. त्यांच्या घरी मुंबईचे पेपर यायचे, तेही शिळे होऊन. महिन्याची रद्दी किराणा दुकानात जायची आणि दुकानदार त्यात आम्हाला हळद-मिरची बांधून द्यायचा. अशाच एका पुडीवर मी पहिल्यांदा नाटकांच्या जाहिराती बघितल्या. एका पानावर वीसेक नाटकं. एकेकाला दोन बोटं जागा. रंग नाही, फोटो असला तर नखाएवढा. सगळा खेळ नाटकाच्या नावाचा. आणि गंमत अशी, की नाव पुरतं वाचायच्या आधीच मला कळायचं, हे हसवणारं आहे, हे रडवणारं, हे तलवारींचं.

आमच्या गावात नाट्यगृहच नव्हतं. त्या नाटकांतलं एकही मी बघण्याची शक्यता नव्हती. पण ती कात्रणं मी खळ लावून दहावीच्या भूगोलाच्या वहीत चिकटवायला लागलो. वही अजून आहे. पानांवर हळदीचे डाग आहेत, दोन-तीन ठिकाणी तेल पाझरलंय. अक्षरं कुणी काढली, ते त्या वहीत कुठंच नव्हतं. पुडीएवढा कागद फाटून आलेला, त्यात जेवढं आलं तेवढं आलं.

आता माझ्या चुकीची गोष्ट सांगतो.

माझी आत्या मूलकडच्या एका गावात दिलेली. तो भाग खऱ्या झाडीपट्टीतला, वैनगंगेच्या खोऱ्यातला. दिवाळीनंतर मंडई सुरू झाली, की होळीपर्यंत तिकडं नाटकांचा हंगाम. दिवसा शंकरपट, म्हणजे बैलांची शर्यत, आणि रात्री नाटक. नऊ-दहाला पडदा उघडला की पहाटेपर्यंत चालतं. पाहुणे गावोगावहून येतात. बाया लेकरं, घोंगडी, शिदोरी घेऊन मांडवात बसतात. मधेमधे गाणी, पेटी-तबला, विनोदी माणसाचा धिंगाणा, आणि शेवटाकडं सगळा मांडव डोळे पुसतो.

1994 च्या हिवाळ्यात आत्याच्या गावच्या मंडळानं मला पोस्टरचं काम दिलं. मी नाव शाईनं काढून द्यायचं, चंद्रपूरच्या छापखान्यात त्याचा ब्लॉक करून दोन रंगांत पोस्टर छापायचं. नाटक सासुरवाशिणीचं, घरगुती. मी ते वाचलं नाही. नुसतं नाव ऐकलं आणि वहीतलं मला सर्वांत आवडलेलं कात्रण समोर ठेवलं. ते रहस्यनाटकाचं होतं. तशीच अक्षरं काढली. धारदार टोकं, खाली ओघळणारे थेंब, आणि कान्याच्या जागी सुरा. थेंब लाल रंगात छापून आले. मी पोस्टर बसस्टँडवर लावून लांब जाऊन बघितलं. दुरून दिसत होतं, सुंदरही दिसत होतं. उस्तादांचे दोन्ही नियम पाळले होते.

त्या रात्री मांडव अर्धा रिकामा राहिला. पुरुष आले, पोरं आली. बायाच आल्या नाहीत. आणि बाया नाही आल्या तर झाडीपट्टीत नाटक होत नाही.

मंडळाचे अध्यक्ष आत्याचे दीर होते. सकाळी ओसरीवर बसून त्यांनी हिशेब केला. तिकिटाच्या उरलेल्या पैशातून शाळेच्या वऱ्हांड्यावर टिना टाकायच्या ठरल्या होत्या. उरलं काहीच नव्हतं, उलट अंगावर आलं. ते माझ्यावर रागावले नाहीत. म्हणाले, “पोरा, तुहे अक्षर भारी हायेत गा. पन बाया म्हने, हे खुनाचं नाटक हाय, लेकरं भेतीन. घरीच रायल्या.” मग खिशातून ठरलेले दीडशे रुपये काढून माझ्या हातात ठेवले. मी नको नको म्हणालो तर खिशात कोंबले. “काम केलं ना तू.”

परत येताना बसमध्ये मी ते पैसे मोजलेसुद्धा नाहीत. त्या पावसाळ्यात शाळेची पोरं गळक्या वऱ्हांड्यात बसली.

त्यानंतर वही मी वेगळ्या नजरेनं उघडली. तोवर मी अक्षराचा आकार बघत होतो. आता असं विचारायला लागलो, की हा आकार याच नाटकाला का? मग दिसलं, की त्यातली चांगली अक्षरं एकमेकांसारखी नव्हतीच. एका नाटकाचं अक्षर दुसऱ्याला चालणार नाही, अशीच ती काढलेली होती. म्हणजे काढणाऱ्याला आत काय आहे ते ठाऊक होतं. माझ्याजवळ हात होता, पण मी गोष्ट विचारली नव्हती.

अक्षरं काढणाऱ्याचं नाव मला फार उशिरा कळलं. 2020 चा जुलै, टाळेबंदीचे दिवस. मोबाईलवर बातमी आली, की 4 जुलैला मुंबईत अक्षरकार कमल शेडगे वारले, वय 85. खाली त्यांनी अक्षरं काढलेल्या नाटकांची यादी होती. मी उठून वही आणली. ‘ती फुलराणी’, ‘पुरुष’, ‘चारचौघी’, ‘ऑल द बेस्ट’. एकेक नाव यादीत सापडत गेलं. ज्याच्याकडं बघून मी शिकलो, तो माणूस गेला त्या दिवशीच मला भेटला.

नंतर मिळेल ते वाचत गेलो. जन्म 1935 चा. ‘टाइम्स ऑफ इंडिया’च्या कला विभागात त्यांनी नोकरी केली. ‘महाराष्ट्र टाइम्स’ हे पेपरच्या माथ्यावरचं नाव त्यांच्या हातचं. साठच्या दशकात ते नाटकांकडं वळले. ‘रायगडाला जेव्हा जाग येते’ हे इतिहासाचं, आणि अभिषेकीबुवांच्या संगीताचं ‘मत्स्यगंधा’. दोन्ही वसंत कानेटकरांची, दोन्ही गोवा हिंदू असोसिएशनची, पण एकात तलवार आणि दुसऱ्यात गाणं. तिथून नव्वदच्या दशकातल्या नाटकांपर्यंत तीन पिढ्यांच्या प्रेक्षकांनी त्यांची अक्षरं बघून तिकिटं काढली. ‘माझी अक्षरगाथा’, ‘चित्राक्षरं’, ‘कमलाक्षरं’ ही त्यांची पुस्तकं आहेत.

त्यांचं काम अवघड का होतं, ते मला ब्लॉक बनवल्यामुळं कळतं. पेपरातली जागा सेंटिमीटरवर विकत घ्यावी लागते. निर्मात्याच्या खिशाला परवडेल तेवढीच मिळणार. कागदावर मोठं काढलेलं अक्षर लहान होऊन छापलं जातं, तेव्हा बारीक रेघ उडते आणि अरुंद पोकळी शाईनं बुजते. म्हणून प्रत्येक वळण तेवढा हिशेब करूनच काढायचं. चेहरे, रंग, गाणी, सगळं त्या चार-पाच अक्षरांनी सांगायचं.

आमच्याकडं हिशेब उलटा. आज वडशाला, म्हणजे देसाईगंजला, नाटक कंपन्यांची कार्यालयं आहेत. गावं तिथं जाऊन नाटक बुक करतात. पोस्टर रंगीत, त्यात डझनभर चेहरे, मुंबईचा पाहुणा कलाकार असला तर त्याचा फोटो सर्वांत मोठा. नाटकाचं नाव कुठंतरी कोपऱ्यात. आधी मला याचा राग यायचा. आता येत नाही. इथले लोक कलावंताला नावानं ओळखतात. गुरनोलीच्या परशुराम खुणेंना 2023 मध्ये पद्मश्री मिळाली, पण त्याच्या कितीतरी आधीपासून गावं त्यांच्या नावावर मांडवात येत होती. चेहरा हीच इथली जाहिरात. तरी नवं पोरगं, नवी कंपनी असली, तर चेहरा कोण ओळखणार? तिथं नावालाच बोलावं लागतं.

फ्लेक्स आल्यावर माझा ब्रश बसला. भाच्यानं बसस्टँडजवळ फ्लेक्सचं दुकान टाकलं. दुपारी मी तिथं जाऊन बसतो. तो कॉम्प्युटरमधून तयार अक्षर निवडतो. नाटकाचं काम आलं की मात्र मला कागद देतो. मी मार्करनं नाव काढतो, तो मोबाईलनं फोटो घेऊन आत टाकतो.

मागच्या हिवाळ्यात आत्याच्या गावाहून एक जण आला. पेनड्राइव्हमध्ये कलाकारांचे फोटो, खिशात चिठ्ठी. अध्यक्षांचा धाकटा मुलगा. त्याचे वडील जाऊन बरीच वर्षं झाली. मी खुर्ची पुढं केली आणि विचारलं, “नाटक कशावर हाय?”

तो हसला. पिशवीतून नाटकाची वही काढून त्यानं माझ्यापुढं ठेवली. म्हणाला, “बाबा सांगत जाय ना, पेंटर पहिले हेच विचारीन.”