पडद्यावरची वस्त्रे आणि इतिहास

सिनेमा पाहून आलेला माणूस नटाचं नाव सांगतो, गाणं गुणगुणतो. पण नटाच्या अंगावरचे कपडे कोणी ठरवले, हे सहसा कोणी विचारीत नाही. हे काम वेषभूषाकाराचे. त्या कामाला आपल्या देशात मान मिळवून देणाऱ्यांत भानू अथैया यांचे नाव अग्रभागी घ्यावे लागेल.

माहेरच्या त्या राजोपाध्ये, कोल्हापूरच्या. वडील अण्णासाहेब चित्रकार होते. पण मुलगी लहान असतानाच ते वारले. पुढे भानूताईंनी मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत शिक्षण घेऊन सुवर्णपदक मिळवले. १९५३ साली प्रोग्रेसिव्ह गटाच्या प्रदर्शनात त्यांची चित्रे लागली. चित्रकार म्हणून नाव होण्याची वाट समोर होती. पण स्त्रियांच्या नियतकालिकांसाठी पोशाखांची रेखाटने करता करता त्या १९५६ च्या 'सी. आय. डी.'पर्यंत पोहोचल्या. 'आम्रपाली' (१९६६) ही प्राचीन वैशालीची कथा. तिच्यासाठी त्यांनी अजिंठ्याच्या भित्तिचित्रांचा आधार घेतला.

खरी कसोटी लागली ती 'गांधी' या १९८२ च्या चित्रपटात. कथा १८९३ ते १९४८ पर्यंतची. आफ्रिकेत गांधीजी कोट-पाटलोण घालणारे बॅरिस्टर. १९१५ साली स्वदेशी परतताना अंगावर काठेवाडी पोशाख. आणि सप्टेंबर १९२१ मध्ये मदुरेला त्यांनी पंचा स्वीकारला, तो कायमचाच. गरिबाला पुरेसं वस्त्र नाही, मग मी जास्त का वापरावं, हा त्यामागचा विचार. म्हणजे इथे कपडा चुकला, की इतिहासच चुकला! शिवाय चंपारणचा शेतकरी, शहरातला वकील, व्यापारी, स्वयंसेवक, प्रत्येकाचे धोतर, टोपी, पागोटे निराळे. जगभरचे प्रेक्षक हाच आपला देश म्हणून पाहणार होते.

या कामाबद्दल ११ एप्रिल १९८३ रोजी त्यांना इंग्रज सहकारी जॉन मोलो यांच्यासमवेत ऑस्कर मिळाले. हा सन्मान मिळविणाऱ्या त्या पहिल्या भारतीय. पुढे 'लेकिन' आणि 'लगान' या चित्रपटांसाठी राष्ट्रीय पुरस्कारही लाभले.

पण २०१२ साली त्यांनी ते ऑस्करचिन्ह अमेरिकेतील अकादमीकडे परत पाठवले. आपल्यामागे ते इथे नीट सांभाळले जाईल, याची त्यांना खात्री वाटेना. २००४ साली शांतिनिकेतनातून रवींद्रनाथांचे नोबेल पदक चोरीला गेले होते, हे आपण जाणतोच. १५ ऑक्टोबर २०२० रोजी भानूताई निवर्तल्या.

ही शंका आपल्याला बोचली पाहिजे. शिक्षकबंधूंनो, इतिहास काही फक्त सनावळीत नसतो. गावातल्या जुन्या पेटीत आजीचं इरकली लुगडं असेल, आजोबांचा फेटा असेल. सूत कुठलं, विणलं कोणी, नेसत कसे, हे मुलांना विचारायला लावा. सांगणारी माणसं आहेत तोवरच ते लिहून ठेवा.