कपाटाचे तीन खण

तीन-चार पिढ्यांपूर्वी महाराष्ट्र सोडून बडोदे, इंदूर, ग्वाल्हेर अथवा हैदराबाद येथे स्थिरावलेल्या घराण्यांत एखादे जुने लाकडी पुस्तकांचे कपाट बहुधा असतेच. त्याच्या वरच्या खणात ज्ञानेश्वरी, दासबोध, एकनाथी भागवत. मधल्या खणात रियासती, बखरी, चरित्रे. आणि सर्वांत खाली, पुष्कळदा उलट्या बाजूने रचलेल्या, कादंबऱ्या. घराची वाटणी होते, वाड्याच्या जागी सदनिका उभ्या राहतात, तेव्हा या कपाटाचा प्रश्न पुढे येतो. वरचा खण पूज्य म्हणून राखला जातो, मधला कोणीतरी अभ्यासकाला देतो, आणि खालचा रद्दीत जातो. ही उतरंड आपण स्वयंसिद्ध मानतो. तथापि, आपल्याकडील वाचनाचा इतिहास पाहिला तर ती तितकीशी खरी ठरत नाही. बडोद्याचे उदाहरण या दृष्टीने विचार करण्याजोगे आहे.

श्रीमंत सयाजीराव गायकवाड यांनी १८९३ साली अमरेली तालुक्यात सक्तीच्या मोफत प्राथमिक शिक्षणाचा प्रयोग सुरू केला आणि पुढे तो संपूर्ण संस्थानात लागू केला. परंतु शाळेतून बाहेर पडलेल्या मुलाच्या हाती पुस्तक पडले नाही, तर शिकलेली अक्षरे काही वर्षांतच पुसली जातात, हे त्यांनी ओळखले. याच विचारातून त्यांनी १९१० साली विल्यम बॉर्डन या अमेरिकन ग्रंथपालास बडोद्यास पाचारण केले. १९१३ पर्यंतच्या आपल्या वास्तव्यात बॉर्डन यांनी मध्यवर्ती ग्रंथालयाची घडी बसविली, ग्रंथपालांना शिक्षण देण्याचा वर्ग चालविला आणि संस्थानासाठी स्वतंत्र वर्गीकरणपद्धती तयार केली. महाराजांनी राजवाड्यातील स्वतःचा ग्रंथसंग्रह या ग्रंथालयास दिला. गावोगावच्या वाचनालयांसाठी गावकरी, पंचायत आणि सरकार यांनी खर्चाचा सारखा वाटा उचलावा, अशी व्यवस्था ठरली. जेथे वाचनालय नव्हते तेथे पुस्तकांनी भरलेल्या लाकडी पेट्या पाठविल्या जात. स्त्रियांसाठी व मुलांसाठी स्वतंत्र विभाग होते.

या व्यवस्थेचे मर्म असे की, कोणी काय वाचावे याचा निर्णय वाचकावर सोपविलेला होता. त्या काळातील वाचक प्रथम कोणत्या पुस्तकाकडे वळत असेल, याची कल्पना मराठी कादंबरीच्या वाटचालीवरून सहज करता येते. लक्ष्मणशास्त्री हळबे यांची ‘मुक्तामाला’ १८६१ साली प्रसिद्ध झाली. सद्गुणी नायिका, दुष्टांची कारस्थाने, प्रेमी जीवांची ताटातूट आणि शेवटी मीलन, असा तिचा घाट. पुढे गोविंद नारायण दातारशास्त्री यांनी रेनॉल्ड्स या इंग्रज कादंबरीकाराच्या आधारे ‘कालिकामूर्ती’, ‘इंद्रभुवनगुहा’ अशा गूढरम्य कादंबऱ्या लिहिल्या. त्यांत भुयारे होती, वेषांतरे होती, आणि प्रीतीचा धागाही होता. बाबूराव अर्नाळकरांनी तर हजाराहून अधिक रहस्यकथा लिहून मराठी माणसास वाचनाची गोडी लावली. विद्वानांनी या लेखनाकडे नाके मुरडली खरी, परंतु रात्री कंदिलाच्या उजेडात पुस्तक संपविल्याशिवाय न उठण्याची सवय पुष्कळांना याच पुस्तकांनी लावली, हे नाकारता येणार नाही.

कादंबरीपासून इतिहासाचे अंतर फारसे नव्हते. रामचंद्र भिकाजी गुंजीकर यांची ‘मोचनगड’ १८७१ पासून ‘विविधज्ञानविस्तार’ मासिकातून क्रमशः प्रसिद्ध होऊ लागली, आणि किल्ला, स्वामिनिष्ठा व प्रेम ही सूत्रे एकत्र गुंफली गेली. अशा कादंबरीने चाळवलेला वाचक ‘खरे काय घडले’ असे विचारू लागला की त्याला रियासतीकडे वळावे लागे. ती रियासतही बडोद्याचीच देणगी होय. गोविंद सखाराम सरदेसाई १८८९ साली बडोदे सरकारच्या नोकरीत रुजू झाले. महाराजांना ग्रंथ वाचून दाखविणे आणि राजपुत्रांना शिकविणे ही त्यांची कामे. त्या अध्यापनासाठी केलेल्या टिपणांतून १८९८ साली ‘मुसलमानी रियासत’ आणि १९०२ पासून ‘मराठी रियासत’ आकारास आली.

तिसरा खण धर्माचा. येथेही संस्थानाची दृष्टी एका पंथापुरती नव्हती. विठ्ठल रामजी शिंदे यांना ऑक्सफर्ड येथे तौलनिक धर्माचा अभ्यास करण्यास महाराजांचे साहाय्य लाभले. १९१६ साली राजशेखराच्या ‘काव्यमीमांसे’ने गायकवाड प्राच्य ग्रंथमालेचा आरंभ झाला, आणि तीत वैदिक, जैन, बौद्ध अशा नाना परंपरांचे ग्रंथ छापले गेले. परंतु एकाच पुस्तकाने केवढा पल्ला गाठावा, याचे उदाहरण कृष्णराव अर्जुन केळुसकर यांच्या बुद्धचरित्राचे आहे. हे चरित्र आपण शाळकरी वयात असताना केळुसकरांनी आपणास भेट दिले आणि ते त्यांनी बडोद्याच्या ग्रंथमालेसाठी लिहिले होते, असे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९५६ साली ‘द बुद्ध अँड हिज धम्म’साठी लिहिलेल्या प्रस्तावनेत नमूद केले आहे. सयाजीरावांकडे आंबेडकरांची शिफारस करणारेही केळुसकरच. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात जे घडले त्यामागे अनेक कारणे होती, परंतु त्या वाटेच्या आरंभी एक मराठी पुस्तक होते, ही गोष्ट लक्षणीय आहे.

शासकीय सेवेत अभिलेखांचे अ, ब, क, ड असे वर्ग करून कोणता कागद किती वर्षे ठेवावा हे ठरविण्यात माझी बरीच वर्षे गेली. ‘ड’ वर्गातला कागद वर्षभरात नष्ट करण्यास हरकत नसते. दप्तरासाठी ही पद्धत योग्यच, कारण कागदाचे काम ठरलेले असते. पुस्तकाचे तसे नाही. कोणते पुस्तक कोणाच्या आयुष्यात कधी उपयोगी पडेल, याची मुदत कोणी ठरवावी? आपण मात्र घरातल्या ग्रंथांना नकळत हाच नियम लावून कादंबऱ्यांना ‘ड’ वर्गात ढकलतो.

यावर काही करता येण्यासारखे आहे. कपाट रिकामे करण्यापूर्वी तिन्ही खणांची साधी यादी करावी. नाव, लेखक, प्रकाशनवर्ष आणि पहिल्या पानावरील सही अथवा शिक्का, एवढे पुरे. त्या शिक्क्यावरून बंद पडलेल्या एखाद्या वाचनालयाचा पत्ता लागतो. भारतीय कायद्यानुसार लेखकाच्या निधनानंतर साठ वर्षांनी पुस्तक सर्वांस खुले होते. केळुसकर, दातारशास्त्री आणि सरदेसाई या तिघांच्याही बाबतीत ही मुदत उलटून गेली आहे. अशा पुस्तकांची प्रतिमुद्रा घेऊन ठेवण्यास कायद्याची आडकाठी नाही.

आपल्या नातवंडांचे शिक्षण गुजराती, हिंदी वा इंग्रजीतून होते. मराठी ती बोलतात, पण मराठी पुस्तक हाती धरताना अडखळतात. त्यांच्या हाती पहिल्याच दिवशी ज्ञानेश्वरी दिली तर ती आदराने नमस्कार करून परत ठेवतील. एखादी भुयाराची, वेषांतराची गोष्ट दिली, तर कदाचित पान उलटतील. वरच्या खणापर्यंत हात पोहोचावा असे वाटत असेल, तर खालचा खण शाबूत राखणे भाग आहे.